एका चेहऱ्याचा मूकपट

नट-नट्यांची कारकीर्द आपण चित्रपटांच्या आकड्यावर मोजतो. आज मात्र मी अशा एका फ्रेंच अभिनेत्रीविषयी बोलणार आहे, जिचं नाव एकाच चित्रपटामुळे उरलं. रने फाल्कोनेत्ती तिचं नाव.

१८९२ साली जन्मलेली ही बाई मुळात रंगभूमीवरची. १९१७ मध्ये तिनं दोन मूकपटांत काम केलं होतं, पण आज त्यांची आठवण कुणी काढत नाही. पुढे डेन्मार्कचे दिग्दर्शक कार्ल ड्रेयर यांनी तिला पॅरिसमध्ये एका हलक्याफुलक्या नाटकात पाहिलं आणि जोन ऑफ आर्कच्या भूमिकेसाठी निवडलं. जोन म्हणजे इंग्रजांविरुद्ध लढलेली शेतकऱ्याची पोर. १४३१ मध्ये रूआँ शहरात धर्ममार्तंडांनी तिला पाखंडी ठरवून जिवंत जाळलं. तेव्हा ती अवघी एकोणीस वर्षांची होती.

'द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क' हा चित्रपट १९२८ मध्ये पडद्यावर आला. फाल्कोनेत्तीच्या चेहऱ्याला रंग नाही, पावडर नाही. कॅमेरा अगदी जवळ. एक प्रसंग सांगतो. मरणाच्या भीतीनं जोन माफीच्या कागदावर सही करते. जीव वाचतो. मग कैदी म्हणून तिचे केस कापले जातात. फाल्कोनेत्तीचे केस खरोखरच कापलेले आहेत. जमिनीवरचे केस झाडूनं लोटले जातात आणि त्यांच्याबरोबर तिचा गवताचा मुकुटही कचऱ्यात जातो. ते पाहताना तिचा चेहरा बदलतो. आपण खोटं बोललो, हे तिला उमगतं. ती न्यायाधीशांना परत बोलावते, सही मागे घेते. याचा अर्थ सरण, हे तिला ठाऊक असतं. आवाज नसलेल्या चित्रपटात हा सारा निर्णय आपण तिच्या डोळ्यांत वाचतो.

फ्रान्समध्ये चर्च आणि सेन्सॉरच्या आक्षेपांमुळे चित्रपटाला कात्री लागली. त्याच वर्षी बर्लिनच्या आगीत मूळ निगेटिव्ह जळालं. ड्रेयर यांनी न वापरलेल्या तुकड्यांतून तो पुन्हा जुळवला, तर त्यावरही आगीचं संकट आलं. पुढे अनेक वर्षं लोकांनी पाहिल्या त्या मोडक्यातोडक्या प्रती.

फाल्कोनेत्ती रंगभूमीवर परतली. पुन्हा चित्रपट केला नाही. स्वतःची नाटकं काढली, त्यात पैसा गेला. महायुद्धाच्या काळात ती दक्षिण अमेरिकेत गेली आणि १९४६ मध्ये ब्यूनॉस आयर्सला वारली.

त्यानंतर पस्तीस वर्षांनी, १९८१ मध्ये, नॉर्वेत ऑस्लोजवळच्या एका मनोरुग्णालयाच्या कपाटात फिल्मचे काही डबे सापडले. त्यात सेन्सॉरची कात्री लागण्याआधीची प्रत होती. आज जग पाहतं ती याच प्रतीवरून तयार झालेली.

आम्हा शायर मंडळींत एका शेरावर तगलेली नावं पुष्कळ. त्या शायराला मात्र आपला कुठला शेर उरणार, हे कधीच कळत नाही. फाल्कोनेत्तीलाही कळलं नाही. तिनं फक्त त्या दिवशीचं काम जीव ओतून केलं. हा चित्रपट मिळाला तर जरूर पाहा, श्रोतेहो, आणि ते केस लोटले जातात तिथं जरा थांबा.