आंब्यावरची सीतेची वेणी



मे महिना सरत आला की आमच्या बदलापुरात झाडांच्या फांद्या उतरवायची घाई सुरू होते. आमच्या सोसायटीच्या आवारात एक जुना आंबा आहे. इमारत उभी राहण्याआधी इथे वाडी होती, तिच्यातला हा एकटाच उरलेला. तीन वर्षांपूर्वी फांद्या छाटायला चढलेल्या गड्याने वरून हाक दिली, "काका, हे बांडगूळ पण काढू का?" मी मान वर केली. जाडजूड, पट्ट्यांसारख्या पानांच्या जुडग्यातून वीतभराहून लांब तुरा खाली लोंबत होता. पांढऱ्या फुलांवर गुलाबी-जांभळे ठिपके, आणि फुलं इतकी दाट की मधला दांडा दिसेना. "अरे, हात लावू नकोस!" मी ओरडलोच.

ती होती सीतेची वेणी. ऑर्किडच्या, म्हणजे आपल्या आमरीच्या कुळातली. शास्त्रीय नाव ऱ्हिंकोस्टायलिस रेट्युसा. हे नाव उच्चारताना जीभ अडखळली तरी हरकत नाही, वेणी म्हटलं की पुरे.

गड्याला दोष देत नाही. झाडावर उगवेल ते झाडाला खाणारच, असा आपल्या सगळ्यांचाच समज. खरं बांडगूळ फांदीच्या आत शिरून तिचा रस ओढतं. वेणी आंब्याकडून फक्त टेकायला जागा मागते, गर्दीच्या लोकलमधल्या चौथ्या सीटइतकी. जेवण तिचं तीच करते.

ही वेणी एकट्या सह्याद्रीची नाही. श्रीलंका, जावा, बोर्निओ, फिलिपाईन्स अशा बेटांवरच्या ओल्या रानांतही ती आहे. आसामात तिला कपौ फूल म्हणतात. बिहू नाचणाऱ्या मुली ती अंबाड्यात माळतात, आणि ते त्या राज्याचं फूलही आहे. म्हणजे वेणी म्हणून ती खरोखर माळली जाते ती तिकडे, आपण नाव देऊन मोकळे झालो.

आता त्या बेटांवर हवा कायम दमट. आपल्याकडचं गणित वेगळं. 27 जुलै 2019 ला महालक्ष्मी एक्सप्रेस बदलापूर आणि वांगणीच्या मध्ये पुरात अडकली, हजाराच्या आसपास प्रवाशांना होड्यांतून बाहेर काढावं लागलं, हा आपला पाऊस. आणि दिवाळी उलटली की तेच आभाळ जूनपर्यंत कोरडं ठणठणीत. कण माती नसलेल्या फांदीवर, चैत्र-वैशाखाच्या उन्हात, हे झाड जगतं कसं?

उत्तर मुळांत आहे. बोटाएवढी जाड मुळं फांदीला चिकटलेली असतात, काही सरळ हवेत लोंबतात. त्यांच्यावर मेलेल्या पेशींचं स्पंजासारखं आवरण असतं. कोरडं असताना ते चंदेरी-पांढरं दिसतं. पावसाची सर आली की पाणी शोषून घेतं आणि बघता बघता मुळं हिरवी होतात. आतला हिरवा रंग तेव्हा वर दिसू लागतो. अन्न तयार करण्यात मुळंही पानांना हातभार लावतात. शिवाय जाड पानांत पाण्याचा साठा. आठ महिन्यांचा उपास असा निभतो, आणि पारणं फिटायच्या आधीच, ऐन उन्हाळ्याच्या शेवटी, बाई फुलते!

या वनस्पतीच्या कागदोपत्री इतिहासात आपल्या लिपीचाही धागा आहे. कोचीनचा डच गव्हर्नर व्हान ऱ्हीड याने मलबारच्या वनस्पतींचा 'होर्टुस मलाबारिकुस' हा बारा खंडांचा ग्रंथ करवून घेतला. 1678 च्या पहिल्या खंडात रंग भट, विनायक पंडित आणि अप्पू भट या तीन कोकणी वैद्यांची साक्ष चक्क नागरीत छापलेली आहे. झाडांवर वाढणाऱ्या आमऱ्यांची चित्रं 1693 च्या शेवटच्या खंडात आली. पुढे 1753 मध्ये लिनियसने आपल्या वेणीला शास्त्रीय नाव दिलं. मुंबई इलाख्यातल्या ऑर्किडांवरचं सांतापाव आणि कापडिया यांचं पुस्तक मात्र निघालं 1966 मध्ये. फादर सांतापाव मूळचे स्पेनचे, पण खंडाळ्याची झाडं त्यांच्याइतकी कुणी पायाखाली घातली असतील असं वाटत नाही.

वेणी दुर्मीळ का होते, तर तिचं बी. एका बोंडात हजारो बिया, पण धुळीसारख्या, शिदोरीविना निघालेल्या. फांदीवर विशिष्ट बुरशी भेटली तरच रुजतात, कारण पहिला घास ती बुरशी भरवते. पुढे फुलायला कित्येक वर्षं. मग फांदी हवी तीही जुनी, खरबरीत सालीची. आंबा तोडून त्याबदल्यात दहा रोपं लावली, असा हिशेब आपल्या गावात हल्ली वरचेवर ऐकू येतो. त्या दहा रोपांवर वेणीला बसायला जागा कधी होणार, हे त्या हिशेबात कुठेच नसतं. आणि रानातून ओरबाडून आणून बाल्कनीतल्या कुंडीत, मातीत पुरलेली वेणी? ती कुजते. मातीशी तिची ओळखच नाही.

आमच्या आंब्याची ती फांदी गेल्या वर्षीच्या वादळात मोडली. वेणी मुळांसकट सोडवली आणि शेजारच्या जांभळाला काथ्याने बांधली, सावलीच्या बाजूला. यंदा फुलली नाही. पण परवा शिडी लावून पाहिलं, तर दोन नवी मुळं काथ्याच्या बाहेर येऊन जांभळाच्या सालीला चिकटलेली; टोकं हिरवी.