टीकेला उत्तर काय?



आर. बाल्की यांच्या ‘चुप’ (२०२२) या चित्रपटातील मारेकरी चित्रपट-समीक्षकांना एकेक करून ठार मारतो. ज्या ताऱ्यांनी ते चित्रपटांची प्रतवारी ठरवीत, तेच तारे तो त्यांच्या कपाळी कोरतो. गुरुदत्त यांच्या ‘कागज़ के फूल’ची १९५९ साली झालेली उपेक्षा त्याच्या मनात सलत असते. कलावंताचे मन हळवे असते, हे खरे. परंतु दुखावलेल्या मनाने शस्त्र उचलले की कला संपते.

नांदेडच्या नरहर कुरुंदकरांचे उदाहरण येथे स्मरावे. पीपल्स महाविद्यालयाचे हे प्राचार्य परखड समीक्षक होते. शिवचरित्रातील अवघड प्रश्नांचा ऊहापोह करणारे दीर्घ पत्र त्यांनी रणजित देसाई यांना लिहिले. तेच पत्र ‘श्रीमान योगी’ या कादंबरीला प्रस्तावना म्हणून जोडले गेले. समीक्षकाने अभ्यास केला आणि लेखकाने त्याला मानाचे पान दिले.

‘लातूर पॅटर्न’च्या या परिसरात घरोघरी गुणांची मोजणी चालते. गुण काय किंवा तारे काय, त्यांनी कृतीची परीक्षा होते. माणसाचे मोल त्याहून मोठे असते. टीका ऐकून पुन्हा कामाला बसण्याचे बळ मुलांना घरातूनच मिळाले पाहिजे.