करार नाही, पण हिशेब आहे

मंडळातल्या मुलांना स्वतःची मराठी गाणी स्वतःच प्रकाशित करायची आहेत, म्हणून तुम्ही मला बोलावलंत. वॉशिंग्टनच्या परिसरात राहणाऱ्यांशी बोलायचं तर पोटोमॅकपलीकडच्या अर्लिंग्टनमधल्या ‘डिस्कॉर्ड’बद्दलच बोलायला हवं.

‘टीन आयडल्स’ हा कोवळ्या पोरांचा बँड १९८० मध्ये मोडला, तेव्हा कार्यक्रमांतून साठलेले सुमारे ६०० डॉलर गाठीला होते. ते वाटून न घेता त्यांनी रेकॉर्ड काढली. प्रती १०००, कव्हरं हातानं कापून, दुमडून, चिकटवून. त्यातून इयन मकाय आणि जेफ नेल्सन यांचं ‘डिस्कॉर्ड’ हे लेबल उभं राहिलं. बँड फक्त वॉशिंग्टन परिसरातले, लेखी करार नाही, खर्च वजा जाता नफ्यात बँडचा वाटा. उलट मोठ्या कंपनीत ॲडव्हान्स बँडच्याच रॉयल्टीतून वसूल होतो आणि तरीही मूळ मास्टर रेकॉर्डिंग बहुधा कंपनीकडेच राहतात.

करार नाही म्हटलं की लोक मँचेस्टरच्या ‘फॅक्टरी’ या लेबललाही त्याच माळेत ओवतात. मला याचा राग येतो. संगीत संगीतकारांचं, कंपनीचं काही नाही, ही फॅक्टरीची भूमिका मला मनापासून आवडते. पण तिच्या ‘न्यू ऑर्डर’ या बँडच्या कमाईतला पैसा ‘हासिएन्डा’ क्लबमध्ये जिरत राहिला. १९९२ मध्ये कंपनी बुडाली. ‘लंडन रेकॉर्ड्स’ ती विकत घ्यायला निघाली होती, तर विकायला हक्कच नव्हते! आदर्श खरा होता, खर्चाला धरबंध नव्हता. डिस्कॉर्डची कचेरी म्हणजे सुरुवातीला पोरांचं भाड्याचं राहतं घर.

(एका आईंनी विचारलं, मुलांना असल्या बँडच्या कार्यक्रमांना पाठवावं का?) जरूर पाठवा. सॅन फ्रान्सिस्कोच्या एका क्लबनं टीन आयडल्सच्या हातांवर काळ्या फुल्या मारून त्यांना आत घेतलं होतं. फुली म्हणजे याला दारू द्यायची नाही. परतल्यावर पोरांनी हाच तोडगा इथल्या क्लबांना सुचवला. पुढे मकायच्या ‘फुगाझी’ या बँडनं कार्यक्रम सर्व वयांसाठी खुले ठेवले, तिकीटही बहुतेक पाचच डॉलर.

(कुणीतरी विचारलं, तबलजी पुण्यात असेल तर?) करार नको म्हणजे काही ठरवायचंच नाही, असं नव्हे. बिदागी एकदाच देणार की विक्रीत वाटा, हे रेकॉर्डिंगआधी ठरवा आणि सगळ्यांना ईमेल करा. विक्रीचा हिशेब त्यालाही दर सहा महिन्यांनी पाठवा. नुसती बिदागी दिलीत तरी कव्हरवर त्याचं नाव हवंच, आणि पूर्ण.