‘हे कशामुळे झालं?’ या प्रश्नाचं स्वागत

परिषदेचे अध्यक्ष, दूरदूरहून आलेले मनोविकारतज्ज्ञ, परिचारिका, कार्यकर्ते आणि ज्यांच्यासाठी हा मांडव घातला आहे ती रुग्णांच्या घरची मंडळी, स्वागत समिती झाशीत सर्वांचं मनापासून स्वागत करते.

नेवाळकर राजघराण्याच्या काळात या शहरात मराठी घरं रुजली. त्यांच्या बोलण्यात आता हिंदी आणि बुंदेली सहज मिसळते. मात्र घरातला विशीतला मुलगा एकाएकी खोलीबाहेर येईनासा झाला, कुणी नसताना आवाज ऐकू येतात म्हणू लागला, सख्ख्या भावावर संशय घेऊ लागला, की प्रत्येक घरात पहिला प्रश्न एकच असतो. हे कशामुळे झालं?

उत्तरं तयारच असतात. शेजारीण सांगते, ‘ऊपरी हवा लग गई’. आजी म्हणते, बाहेरचं झालंय. मामांच्या मते अभ्यासाचा ताण. मग बाधा उतरवायला मेहंदीपूरच्या बालाजीला नेणं होतं, नाहीतर ‘लग्न लावून द्या, ताळ्यावर येईल’ असं ठरतं आणि एका परक्या मुलीचं आयुष्य त्यात ओढलं जातं. दवाखान्याची पाळी शेवटी येते. २०१५-१६च्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणात अशा तीव्र आजारांच्या दर चार रुग्णांपैकी सुमारे तिघे उपचारांविना होते.

दोष देण्यात एकटा समाजच पुढे होता असं नाही. १९४८ साली फ्रीडा फ्रॉम-राइशमान या मनोविश्लेषक विदुषीने, मुलात स्किझोफ्रेनिया, म्हणजे हाच आजार, निर्माण करणाऱ्या आईची कल्पना मांडली. आई थंड, आई हुकूम गाजवणारी, म्हणून मूल आजारी. या कल्पनेला आधार सापडला नाही, तरी पुढची कित्येक वर्षं असंख्य आया अपराधी भावनेनं जगल्या. हा अन्याय या व्यासपीठावरून स्पष्ट शब्दांत सांगायलाच हवा.

कारण खरोखर आईच्या पोटापर्यंत जातं, पण वेगळ्या अर्थानं. १९४४-४५च्या हिवाळ्यात नाझींच्या नाकेबंदीमुळे पश्चिम हॉलंडमध्ये उपासमार झाली. त्या भुकेच्या ऐन काळात ज्यांची गर्भधारणा झाली, त्यांच्यात पुढे स्किझोफ्रेनियाचं प्रमाण सुमारे दुप्पट आढळलं. चीनमधल्या १९५९ ते ६१च्या दुष्काळानंतर आन्हुई प्रांतातही तेच दिसलं. आईच्या स्वभावाला बोल लावणाऱ्यांनी तिच्या ताटात काय होतं हे विचारायला हवं होतं. दुष्काळ पाहिलेल्या बुंदेलखंडात गरोदर बाईच्या जेवणाचा विषय म्हणूनच मनोविकारतज्ज्ञांचाही विषय आहे.

आनुवंशिकतेबद्दल सर्वांत जास्त भीती आहे, म्हणून तिथे थोडं थांबू. सर्वसाधारणपणे शंभरातल्या सुमारे एकाला आयुष्यात हा आजार होतो. आई, वडील किंवा सख्खं भावंड आजारी असेल तर शंभरातल्या सुमारे दहांना. म्हणजे नव्वद जणांना तो होत नाही, आणि हीच बाजू लग्नाच्या बोलणीत कुणी सांगत नाही. एकसारख्या जुळ्यांपैकी एकाला आजार झाला तर दुसऱ्याला होण्याची शक्यता सुमारे निम्मी असते. सगळं रक्तातच असतं तर ती शंभर टक्के असती. शिवाय ‘वेडाचं जनुक’ असं एकच काही नसतं. २०२२ साली प्रसिद्ध झालेल्या आंतरराष्ट्रीय अभ्यासात जनुकसंचातल्या २८७ जागांचा या आजाराशी संबंध दिसला. प्रत्येकीचा वाटा अगदी लहान. त्यावर बाळंतपणातल्या अडचणी, बालपणीचे अत्याचार, परमुलखातलं एकटेपण यांची भर पडते.

नशेचीही भर पडते. स्वीडनमध्ये सैन्यभरतीच्या तरुणांचा अभ्यास झाला. अठराव्या वर्षापर्यंत पन्नासहून जास्त वेळा गांजा घेतलेल्यांत धोका सहापट निघाला. गांजा आणि भांग एकाच झाडाची. उत्तर प्रदेशात भांगेचं दुकान सरकारी परवान्यावर चालतं आणि होळीला प्याला पोरांच्याही हाती जातो. बहुतेकांना त्यातून हा आजार होत नाही हे खरं. पण घरात आधीच कुणी आजारी असेल, तर त्या घरातल्या मुलानं तो प्याला नाकारावा, एवढं सांगायची हिंमत वडीलधाऱ्यांनी करावी.

पाहुण्यांना ठाऊक असेल, जवळच्याच आग्र्याचं नाव या आजाराच्या जागतिक इतिहासात आहे. १९६०च्या दशकात जागतिक आरोग्य संघटनेनं नऊ देशांत अभ्यास सुरू केला. लंडन, मॉस्को, प्राग यांच्याबरोबर आग्राही होतं. आजाराची मुख्य लक्षणं सगळीकडे सारखीच निघाली, मात्र आग्र्यातले बरेच रुग्ण श्रीमंत देशांतल्या रुग्णांपेक्षा चांगले सावरलेले दिसले. त्यामागे कुटुंबाचा आधार किती, यावर अजून वाद आहे. तो इथेही व्हावा.

कुटुंब काय करू शकतं याचं एक उदाहरण आपल्याकडेच आहे. मूळचे धुळ्याकडचे, कॅनडातल्या कॅल्गरी विद्यापीठात संख्याशास्त्र शिकवलेले डॉ. जगन्नाथ वाणी यांच्या पत्नीला हाच आजार होता. त्यांनी तो लपवला नाही. पुण्यात ‘स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन’ उभी केली. २००४ साली सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा ‘देवराई’ हा चित्रपट आला, आणि अतुल कुलकर्णींनी साकारलेला शेष पाहून कित्येक मराठी घरांत या आजाराचं नाव पहिल्यांदा मोठ्यानं घेतलं गेलं.

दुपारचं सत्र रुग्णांच्या भावंडांसाठी राखून ठेवलं आहे. ‘मलाही होईल का?’ आणि ‘माझ्या मुलांचं काय?’ हे त्यांचे प्रश्न आहेत. तज्ज्ञांना विनंती आहे की उत्तरं साध्या मराठीत किंवा हिंदीत, आकड्यांसह आणि घाई न करता द्यावीत. अध्यक्षमहोदयांनी आता पहिल्या सत्राची सूत्रं हाती घ्यावीत.