पुसून जाणारा शब्द



गुडगाव हे या शहराचे रूढ नाव २०१६ साली अधिकृतपणे गुरुग्राम झाले. व्हॉट्सॲप या संदेशसेवेने कॅलिफोर्नियाबाहेरील आपला पहिला परिपूर्ण कार्यसंघ याच शहरी उभारण्याचे नोव्हेंबर २०१८ मध्ये जाहीर केले. पुढे दोन वर्षांनी, नोव्हेंबर २०२० मध्ये, याच सेवेत सात दिवसांनी आपोआप नाहीसे होणारे संदेश अवतरले. डिसेंबर २०२१ मध्ये चोवीस तास आणि नव्वद दिवस अशा आणखी दोन मुदती त्यांस जोडल्या गेल्या. या विषयाचा विचार गुरुग्रामात होणे म्हणूनच उचित आहे.

बोललेला शब्द हवेत विरून जाणे हा तसा सृष्टिक्रमच होय. चावडीवरील गप्पांची नोंद कोणी ठेवीत नसे, आणि म्हणूनच माणसे तेथे मोकळी होत. पत्राची गोष्ट निराळी. वि. का. राजवाडे यांनी गावोगाव हिंडून जुनी दप्तरे मिळविली आणि १८९८ साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला. १७५० ते १७६१ या काळातील ती पत्रे त्या त्या दिवसाच्या निकडीपोटी लिहिलेली होती. दीडशे वर्षांनी कोणी परका ती वाचील, हे लिहिणाऱ्यांच्या स्वप्नीही नसावे. आजचे संभाषण लिहिले जाते पत्रासारखे, परंतु लिहिणाऱ्याचे मन असते चावडीवरचे. या दोहोंमधील ओढाताण मिटविण्यासाठीच ही मुदतीची युक्ती निघाली, आणि तीत गैर असे काही नाही.

मात्र युक्तीची मर्यादा ध्यानी घेतली पाहिजे. पाहताच पुसल्या जाणाऱ्या चित्रांमुळे स्नॅपचॅट ही सेवा २०११ पासून लोकप्रिय झाली. पण चित्र जपून ठेवण्याच्या अनेक सोप्या वाटा पाहणाऱ्यास मोकळ्या होत्या, आणि सेवेने दिलेले आश्वासन फसवे ठरते, असा आक्षेप अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने २०१४ साली घेतला. व्हॉट्सॲपवरील संदेशाचीही पडद्यावरून प्रतिमा घेता येते, तो अन्यत्र पाठविता येतो. सारांश, ज्यास जपावयाचे आहे तो जपतोच; गमावतो तो बेसावध माणूस.

येथे कायद्याशी गाठ पडते. कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळासंबंधीचा २०१३ चा अधिनियम तक्रारीस घटनेपासून तीन महिन्यांची मुदत देतो. सबळ कारण असल्यास समिती ती आणखी तीन महिन्यांपर्यंत वाढवू शकते. गुरुग्रामातील उंच कचेरीत काम करणारी तरुणी असो वा तेथील घरांतून धुणीभांडी करणारी स्त्री, हे संरक्षण दोघींनाही आहे. आता हिशेब पाहा. अधिकाऱ्याचा अश्लील संदेश चोवीस तासांत पुसला जातो. तक्रार करावी की न करावी, नोकरी राहील की जाईल, या विवंचनेत त्या स्त्रीचे आठवडे लोटतात. शिवाय दोघांच्या संभाषणात मुदत लावण्यास दुसऱ्याची संमती लागत नाही. कोणा एकाने लावली की ती दोघांनाही लागू होते.

पुरावा उरला तरी तो सिद्ध करणे हे निराळेच काम. या बाबतीत मार्गदर्शक ठरलेला निवाडा महाराष्ट्रातील आहे. जालना मतदारसंघात २०१४ साली अर्जुन खोतकर २९६ मतांनी विजयी झाले. त्यांचा उमेदवारी अर्ज वेळेनंतर दाखल झाला, असा कैलास गोरंट्याल यांचा दावा होता आणि त्याचा आधार होता निवडणूक कचेरीतील चित्रफिती. १४ जुलै २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, मूळ साधनच हजर केले नसेल, तर इलेक्ट्रॉनिक नोंदीसोबत विहित प्रमाणपत्र अनिवार्य आहे. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ नेही प्रमाणपत्राची अट कायम ठेवली आहे.

जालन्यात निदान चित्रफिती होत्या. संदेशच नाहीसा झाला, तर प्रमाणपत्र द्यावयाचे कशाचे? तरीही वाट सर्वस्वी बंद होत नाही. तोंडी साक्ष हीही साक्षच असते, आणि समितीस साक्षीदार बोलाविण्याचे व कागदपत्रे मागविण्याचे दिवाणी न्यायालयासारखे अधिकार आहेत. मुदत सुरू होताच तशी सूचना संभाषणात उमटते. ती कोणी लावली आणि कोणत्या दिवशी, हे त्या स्त्रीने त्याच वेळी वहीत टिपून ठेवले असेल, तर चौकशीत विचारण्याजोगा पहिला प्रश्न समितीच्या हाती आयताच येतो.