तडजोडीचा शब्द आणि बँकेचा कागद

चेरीतालहून, जबलपूरहून बोलतोय. मागच्या भागानंतर बऱ्याच जणांनी एकच प्रश्न विचारला: "सर, आमच्या सहकारी बँकेत एकरकमी परतफेड योजना आली आहे. ती मिळणे हा आमचा हक्क आहे का?"

उत्तर सरळ देतो. नाही.

15 डिसेंबर 2021 ला सर्वोच्च न्यायालयाने बिजनौर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेच्या प्रकरणात हे स्पष्ट सांगितले. गहाण मालमत्ता विकून वसुली होण्यासारखी असेल, तर बँक सवलत नाकारू शकते. सवलत हक्काची झाली, तर ऐपत असलेला माणूसही हप्ते बंद करून योजनेची वाट बघत बसेल. मला हे पटते. सहकारी बँकेतला पैसा कुणाचा? शिक्षकांचा, पेन्शनरांचा, भाजीवाल्यांचा. बँक बुडाली तर ठेवीवरचा विमा 5 लाखांपर्यंतच.

पण एवढेच ऐकून घरी जाऊ नका. दुसरा निकाल आमच्या जबलपूरच्या हायकोर्टाचा आहे, फेब्रुवारी 2022 चा. बँक सहकारी नव्हती, बँक ऑफ महाराष्ट्र होती, पण मुद्दा आपल्या कामाचा आहे. एका शेतकरी कर्जदाराला बँकेने तडजोडीची रक्कम कळवली, 36 लाख 50 हजार. त्याने त्यातले 35 लाख भरले. मग बँक म्हणाली, आता 50 लाख 50 हजार द्या. हायकोर्टाने बँकेला सांगितले, आधीची तडजोड मान्य करा. बँक दिल्लीला अपिलात गेली. 13 मे 2022 ला सर्वोच्च न्यायालयाने ते फेटाळले. वर सुनावले, की मोठ्या बुडव्यांच्या मागे तुम्ही जात नाही, शेतकरी दिसला की सगळा कायदा आठवतो.

दोन्ही निकाल शेजारी ठेवून बघा. सवलत द्यायची की नाही, हे बँक ठरवणार. पण एकदा आकडा कळवला आणि माणसाने पैसे भरले, की मन मानेल तसे फिरता येत नाही.

आता रिझर्व्ह बँकेकडे वळू. 8 जून 2023 चा तडजोडीचा आराखडा सहकारी बँकांनाही लागू झाला. संचालक मंडळाने मंजूर केलेले धोरण हवे. ज्याने कर्ज मंजूर केले, त्याच्यापेक्षा निदान एक पायरी वरच्या अधिकाऱ्याने तडजोड मंजूर करायची. याच आराखड्यात हेतुपुरस्सर कर्ज बुडवणाऱ्यांशीही तडजोड करायला मुभा आहे. बँक कर्मचाऱ्यांच्या संघटनांनी तेव्हा कडाडून विरोध केला होता, आणि माझ्या मते बरोबर केला होता. पण मुभा आहेच, तर मग ज्याचे दुकान खरोखर बसले, त्याचा अर्ज नाकारताना दोन ओळींचे लेखी कारण द्यायला काय हरकत आहे? संचालकाच्या मेहुण्याला जो निकष, तोच त्यालाही लावा. एवढेच मागणे आहे.

माझ्याकडे निवृत्त जवान कागद घेऊन येतात. एक सुभेदारसाहेब आले होते, चुलतभावाच्या कर्जाला जामीन राहिलेले. बँकेचे नाव घेत नाही. शाखेच्या साहेबांनी तोंडी आकडा सांगितला, भावाने तीन वेळा पैसे भरले, साहेबांची बदली झाली. नवे साहेब म्हणाले, असा काही ठराव नाही, आलेले पैसे व्याजात जमा केले. आणि नोटीस आली ती सुभेदारांना! जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते, त्यामुळे बँकेचे त्यात काही चुकले नाही. चूक होती ती तोंडी सौद्यात. फौजेत तोंडी हुकमाचा मागाहून लेखी दुजोरा घेतात. सुभेदारांना हे ठाऊक होते, पण भावाच्या व्यवहारात कोण विचारतो?

कागदाचे हे भांडण जुनेच आहे. मे 1875 मध्ये पुणे जिल्ह्यात सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांची खते काढून जाळली. 1879 च्या कायद्याने मग सावकाराला पावती आणि हिशेब देणे भाग पाडले.

तेव्हा पैसे भरण्याआधी मंजुरीचे पत्र हातात घ्या. त्यात एकूण रक्कम, मुदत, आधी भरलेले पैसे कशात धरले, वसुलीचे दावे कधी मागे घेणार आणि जामीनदार मोकळे झाले का, हे सगळे हवे. शेवटी बेबाकी दाखला आणि जमिनीवरचा बोजा उतरल्याची नोंद. घरकर्जासारख्या वैयक्तिक कर्जात खाते मिटल्यापासून 30 दिवसांत मूळ कागदपत्रे परत द्यायची आहेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई. डिसेंबर 2023 पासून हे सहकारी बँकांनाही आहे. दुकान-कारखान्याच्या कर्जाला मात्र हा नियम नाही.

आणि एक गोष्ट बँकेत सहसा कुणी सांगत नाही. तडजोडीनंतर क्रेडिट अहवालात 'सेटल्ड' असा शेरा पडतो, आणि शेतीकर्ज सोडून बाकी कर्जांत निदान 12 महिने त्या बँकेकडून नवे कर्ज मिळत नाही. मुलीच्या शिक्षणासाठी पुढच्या जूनमध्ये कर्ज लागणार असेल, तर हा हिशेब सही करण्याआधीच मांडा.