मुलगी खेळते, पण किती दिवस?



लोधिवली, चौक, खालापूर या पट्ट्यात जुन्या मुंबई-पुणे रस्त्यालगतच्या एखाद्या शाळेजवळ मधल्या सुट्टीत जरा थांबून पाहावे. मैदानाचा मोठा भाग बॅट-चेंडूवाल्या मुलांनी अडवलेला असतो, आणि उरलेल्या कोपऱ्यात मुलींचा खो-खो चाललेला असतो. त्यात वाडीवरून चालत आलेल्या ठाकूर-कातकऱ्यांच्या पोरी असल्या, तर मग विचारूच नका. चढउतार करून त्यांचे पाय असे तयार झालेले असतात, की त्यांना शिकवायचे म्हणजे फक्त नियम. पाचवीपासून आठवीपर्यंत हा खेळ रंगतो. नववीत संख्या रोडावते. दहावीनंतर त्यातली एखादी मैदानावर दिसली तर दिसली.

या मुली जातात कुठे, हा आजच्या बोलण्याचा विषय आहे. मी पेशाने अर्थशास्त्र शिकवणारा माणूस. तेव्हा मी तो पोटापाण्याच्या बाजूने मांडणार आहे. खेळाने शरीर कमावले जाते, मन खंबीर होते, हे सांगणारे वक्ते पुष्कळ आहेत, आणि ते खोटं बोलत नाहीत. पण खेळणाऱ्या मुलीला संध्याकाळी भूक लागते, ही गोष्ट त्या भाषणांतून सहसा येत नाही.

उस्मानाबादची सारिका काळे हे नाव तुमच्यापैकी काहींनी ऐकले असेल. २०२३ पासून त्या गावाला आपण धाराशिव म्हणतो. सारिकाला २०२० साली अर्जुन पुरस्कार मिळाला. खो-खो हा आपल्या मातीतला खेळ, त्याचे नियम पुण्यात डेक्कन जिमखान्यावर बसवले गेले. पण १९९८ नंतर या खेळाच्या वाट्याला अर्जुन पुरस्कार आला तो एकदम २०२० साली. बावीस वर्षांनी! या बावीस वर्षांत चांगले खेळाडू झालेच नाहीत असे कोण म्हणेल?

सारिकाने मैदानावर पाय ठेवला तो २००६-०७च्या सुमारास. तेव्हा ती शाळेत शिकणारी पोर. वडिलांच्या शारीरिक मर्यादेमुळे त्यांच्या हातून फारशी कमाई होत नसे. आई शिवणकाम करी, आणखी मिळेल ते काम करी. घर चाले ते मुख्यत्वे आजी-आजोबांच्या मिळकतीवर. पुढे पुरस्कार जाहीर झाल्यावर तिने स्वतःच वार्ताहरांना सांगितले, की त्या काळात तिला दिवसातून एकदाच जेवण मिळत असे, आणि बरेसे, पोटभर खायला मिळे ते केवळ शिबिराला किंवा स्पर्धेला गेल्यावर.

ही गोष्ट पुन्हा एकदा ऐका. आपण शिक्षक मंडळी शिबिराची यादी करतो तेव्हा पाहतो काय? कुणाचा वेग चांगला, कुणाची हुलकावणी चांगली. शिबिर म्हणजे आपल्या लेखी सराव. पण त्या यादीतल्या एखाद्या मुलीच्या लेखी शिबिर म्हणजे दोन वेळचं ताट असतं. ती ते बोलून दाखवत नाही. कसं दाखवणार? लाज असते. म्हणून ती "सर, मला घ्या" एवढेच म्हणते, आणि आपण म्हणतो, काय हौस आहे बघा पोरीला!

आणखी एक गोष्ट. शाळेतला पोषण आहार पहिली ते आठवीपर्यंत असतो. आणि मैदानावरच्या मुली कमी होतात त्या नववीत. हा योगायोग मला काही साधा वाटत नाही.

आता जरा खेळाकडे वळू, कारण या खेळाच्या स्वभावातच एक गोम आहे. खो-खोत आठ गडी मध्यपाटीवर बसतात, एकीचे तोंड या बाजूला तर दुसरीचे त्या बाजूला. नववी पळते. पळणारीला मध्यपाटी ओलांडता येत नाही, एकदा दिशा धरली की खांबाला वळसा घातल्यावाचून मागे फिरता येत नाही. समोरची संरक्षक मात्र मोकळी. ती या अंगाने, त्या अंगाने, बसलेल्यांच्या मधूनही निसटते. तेव्हा पाठलाग एकटीने होतच नाही. गडी पलीकडे निसटला की तुम्ही बसलेल्या मैत्रिणीच्या पाठीला हात लावून खो द्यायचा, आणि ती उठली की तिच्या जागेवर स्वतः खाली बसायचे. पाच खो योग्य वेळी पडतात, संरक्षक कोंडीत सापडते, आणि सहावी तिला बाद करते. टाळ्या सहावीला. बाकीच्या पाच जणी तोवर बसलेल्या असतात.

व्हॉलीबॉलमध्येही असेच आहे. आपल्याकडे शूटिंग व्हॉलीबॉलचे सामने गावोगाव होतात, ते वेगळे. मी जाळीजवळच्या सहा जणांच्या व्हॉलीबॉलबद्दल बोलतो आहे. त्यात सेटर नावाचा एक गडी असतो. मागून आलेला चेंडू बोटांवर झेलल्यासारखा अलगद वर उचलून द्यायचा, आणि दुसऱ्याने उडी मारून तो पलीकडे आपटायचा. गुण मिळतो तो आपटणाऱ्याच्या नावावर. व्हॉलीबॉल जन्मला अमेरिकेत, १८९५ साली. पण उंच उचलून देण्याची आणि वरून आपटण्याची ही जोडगोळी तयार झाली ती फिलिपाईन्स या बेटांच्या देशात, १९१६च्या आसपास. भातशेतीचा, पावसाचा, वादळांचा देश. आपल्या कोकणातल्या माणसाला तिथे फार परके वाटणार नाही.

त्या देशात जिया मोराडो नावाची एक मुलगी सेटर म्हणून नावारूपाला आली. जन्म १९९५चा. मनिलामधल्या आतेनेओ विद्यापीठाच्या संघातून ती २०१४ आणि २०१५ साली आंतरविद्यापीठ विजेतेपद जिंकणाऱ्यांत होती. इथवर तिची गोष्ट आपल्याकडच्या एखाद्या गुणी मुलीसारखीच. फरक पडतो तो पुढे. पदवी हातात आल्यावर तिला "आता खेळ पुरे, नोकरी बघ" असे कुणी म्हणायचे कारण उरले नाही, कारण खेळ हीच नोकरी झाली. आइस्क्रीम विकणाऱ्या एका कंपनीने आपल्या नावाचा महिला संघ बांधला, त्यात ती पगारी खेळाडू म्हणून गेली आणि त्या संघाने एकामागून एक विजेतेपदे घेतली. लग्न झाले, ती जिया दे गुझमन झाली, आणि त्यानंतर २०२३ साली ती जपानमध्ये, मोटारींचे सुटे भाग बनवणाऱ्या डेन्सो कंपनीच्या संघात खेळायला गेली. २०२४ साली मनिलात झालेल्या आशियाई चॅलेंज चषकात तिच्या नेतृत्वाखाली तिच्या देशाने कांस्यपदक मिळवले.

लग्न झाल्यावर खेळायला परदेशी गेली, हे वाक्य आपल्याकडच्या कानांना जरा अडखळवते, नाही? तिथे महिलांच्या व्हॉलीबॉलला प्रेक्षकांची इतकी गर्दी असते, की पुरुषांचे सामने त्यापुढे मागे पडतात. लोक तिकीट काढून येतात, म्हणून कंपन्या संघ पाळतात, म्हणून चेंडू नुसता उचलून देणाऱ्या मुलीलाही पगार मिळतो. यात कुणाची मेहेरबानी नाही. हा सरळ व्यवहार आहे.

आपल्याकडे? २०२२ साली पुण्याला बालेवाडीत खो-खोची पहिली व्यावसायिक लीग झाली. मोठा झगमगाट, दिवे, दूरदर्शन संच लावून बसलेली घरे. मला आनंद झाला. पण मैदानात उतरलेले संघ सगळे पुरुषांचे होते.

तेव्हा सारिकाच्या वाटेवर आइस्क्रीमची कंपनी नव्हती. २०१६च्या फेब्रुवारीत गुवाहाटी-शिलाँगला दक्षिण आशियाई क्रीडा स्पर्धा झाल्या. त्यांत खो-खो पहिल्यांदाच आला होता. भारतीय महिला संघाची कर्णधार सारिका काळे. संघाने सुवर्णपदक जिंकले. देशाचा तिरंगा वर जातो आहे, राष्ट्रगीत वाजते आहे, आणि गळ्यात सोन्याचे पदक. आणि ऐका मंडळी, त्याच २०१६ साली घरच्या पैशाच्या ओढाताणीने ही मुलगी इतकी खचली, की तिने खेळ सोडायचे ठरवले.

सोन्याचे पदक म्हणतात खरे, पण ते घेऊन वाण्याकडे जाता येत नाही. आंतरराष्ट्रीय कर्णधार खेळ सोडायला निघते, तर वाडीवरच्या पोरीने नववीत सोडला याचा आपण अचंबा का करावा?

तिचे प्रशिक्षक चंद्रजित जाधव यांनी तिची समजूत काढली. काय बोलले असतील, तो त्यांचा आणि तिचा मामला. पण ती मैदानावर परत आली, आणि हाच तिच्या आयुष्यातला वळणाचा क्षण ठरला. २०१९ साली तिला तालुका क्रीडा अधिकारी म्हणून शासकीय नोकरी मिळाली, तुळजापूरला. २९ ऑगस्ट २०२० रोजी अर्जुन पुरस्कार दिले गेले. करोनाचे दिवस, त्यामुळे सोहळा पडद्यावरून झाला. लक्षात घ्या, आधी नोकरी आली आणि मागाहून पुरस्कार. घरच्यांनीही हातभार लावला, तो मी विसरत नाही. एवढी ओढाताण असताना स्पर्धेला जाऊ नको असे तिला कुणी म्हटले नाही. ज्या घरात एक वेळची चूल पेटते, तिथे हे न म्हणणे सोपे नसते. खेड्यातल्या आणि शहरातल्या खेळाडूत फरक काय, यावर तिचे म्हणणे होते, की खेड्यातले यश कितीही मोठे असो, लोकांच्या ध्यानात ते उशिरा येते.

उशिरा का होईना, काळ थोडा पालटला आहे. जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीला खो-खोचा पहिला विश्वचषक झाला. महिलांच्या अंतिम सामन्यात भारताने नेपाळला ७८-४० असे हरवले, आणि कर्णधार होती महाराष्ट्राची प्रियांका इंगळे. त्या दिवशी आपल्या भागातही भ्रमणध्वनीवर सामना पाहणाऱ्या मुली होत्या. त्यांना पुढची वाट दाखवायची, तर ती नोकरीवाचून दाखवता येत नाही.

म्हणून शिक्षक बंधुभगिनींसाठी आणि पालकांसाठी थोडे रुक्ष बोलतो. राज्य शासनाच्या नोकऱ्यांत प्रावीण्य मिळवलेल्या खेळाडूंसाठी ५ टक्के समांतर आरक्षण आहे. पद जितके वरचे, तितकी स्पर्धाही वरच्या पातळीची लागते. नुसता तालुक्याचा चषक चालत नाही. दहावी-बारावीला राज्य मंडळाकडून खेळाचे वाढीव गुण मिळतात, त्याचा प्रस्ताव शाळेने जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांमार्फत मुदतीत पाठवावा लागतो. तो पाठवला नाही तर मुलीचे गुण गेले. तिला बिचारीला ते कळतसुद्धा नाही. शालेय स्पर्धा १४, १७ आणि १९ वर्षांखालील अशा तीन गटांत होतात. आपल्या बऱ्याच शाळा १४च्या गटात हिरिरीने उतरतात आणि १७च्या गटात संघच देत नाहीत. म्हणजे जिथून पुढे नोकरीची वाट फुटते, नेमका तिथेच दरवाजा बंद.

प्रमाणपत्रांबद्दल एक सांगून ठेवतो. खेळाडू म्हणून नोकरीला अर्ज करायचा तर प्रमाणपत्राची पडताळणी क्रीडा खात्याच्या विभागीय उपसंचालकांकडून करून घ्यावी लागते. घरात पावसाळ्यात कौले गळतात, कागद भिजतो, शाई पसरते. मुलीचे प्रमाणपत्र देवाच्या फोटोमागे खोचून ठेवू नका. त्याच्या दोन प्रती काढा, एक शाळेत ठेवा, आणि नाव व जन्मतारीख शाळेच्या दाखल्याप्रमाणेच लिहिली आहे ना, हे हातात घेतल्याबरोबर पाहा. घरात एक नाव आणि दाखल्यावर दुसरे, असे वाडीवरच्या मुलींच्या बाबतीत फार होते, आणि दहा वर्षांनी ती एका अक्षराची चूक निस्तरता निस्तरत नाही.

राहिला खाण्याचा प्रश्न. संध्याकाळी सराव घेणाऱ्या शाळांनी सरावाआधी मूठभर शेंगदाणे, गूळ, उकडलेले हरभरे, जमेल तर एखादे अंडे, एवढी सोय केली तरी पुरे. बारा मुलींचा संघ. खर्च काढून पाहा, गावच्या क्रिकेट सामन्यांच्या बक्षिसांची रक्कम जमवणाऱ्या मंडळाला तो जड नाही. आपल्याकडे पाताळगंगेच्या काठी कारखाने आहेत, त्यांच्याकडेही शब्द टाकून बघावा. मात्र खाणे सगळ्या संघाला द्या, गरीब मुली निवडून नको. निवडून दिलेत, तर ज्या मुलीला त्याची खरी गरज आहे तीच दुसऱ्या दिवसापासून सरावाला यायची नाही.